झऱ्यावर रचलेला ढीग

वेल्श भाषेत 'आबर' म्हणजे ओढा नदीला मिळतो ती जागा. वॅन नावाचा ओढा जिथे टाफ नदीला मिळतो ते गाव आबरवॅन. इंग्रजी स्पेलिंग वाचून आपण त्याला एबरफॅन म्हणतो, पण वेल्शमध्ये एकट्या 'एफ'चा उच्चार 'व्ह' होतो. दक्षिण वेल्समधल्या मर्थर टिडफिल शहरापासून सहा-सात किलोमीटरवर, अरुंद दरीच्या तळाशी हे गाव वसलेलं आहे. खाली नदी, दोन्ही बाजूंना डोंगर. २१ ऑक्टोबर १९६६ रोजी सकाळी सव्वानऊ वाजता वरच्या डोंगरावरचा खाणमातीचा ढीग या गावावर आला आणि १४४ माणसं गेली. त्यातली ११६ लहान मुलं होती.

या घटनेबद्दल मराठीत कधी लिहिलं गेलंच तर 'डोंगर कोसळला' किंवा 'दरड कोसळली' असं लिहिलं जातं. दोन्ही चुकीचं आहे. डोंगर जागच्या जागी राहिला, आजही आहे. त्याच्यावर माणसांनी रचलेला ढीग वाहिला, आणि तो का वाहिला हे समजायला भूशास्त्राची पदवी लागत नाही. हा लेख त्यासाठीच आहे. कारण नीट कळलं की पुढचा प्रश्न आपोआप येतो: एवढं साधं होतं, तर कुणालाच कसं कळलं नाही? त्याचं उत्तर असं की बऱ्याच जणांना कळलं होतं.

आधी ढिगाबद्दल. दगडी कोळसा जमिनीतून निव्वळ निघत नाही. त्याच्यासोबत खडकाचे तुकडे, माती, भुसभुशीत शेल (चिखल दाबून झालेला पापुद्र्यांचा खडक), असं बरंच काही वर येतं. कोळसा वेगळा केला की उरलेल्या मालाला गिऱ्हाईक नसतं आणि तो कुठेतरी टाकावा लागतो. गावाजवळच्या मर्थर व्हेल खाणीचं काम १८६९ मध्ये सुरू झालं. दरी इतकी अरुंद की तळाची सपाट जागा घरांना, रेल्वेला आणि खाणीलाच पुरत नव्हती. त्यामुळे टाकाऊ माल रुळांवरून डोंगरावर चढवायचा आणि तिथे ओतायचा, असा रिवाज पडला. गावाच्या वरच्या उतारावर असे एकामागून एक सात ढीग झाले. सातवा १९५८ मध्ये सुरू झाला. १९६६ पर्यंत तो ३४ मीटर उंच झाला होता, म्हणजे साधारण अकरा मजली इमारतीएवढा. त्यात सव्वादोन लाख घनमीटरहून जास्त माल होता.

हा माल एकसारखा नव्हता. कोळसा धुण्याच्या आणि गाळण्याच्या प्रक्रियेत अगदी बारीक कण उरतात. पाण्यात मिसळले की त्यांची काळी रबडी होते. १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला काही वर्षं हा बारीक गाळही सातव्या ढिगावर टाकला गेला. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता ढिगाखालची जमीन. हा डोंगर सच्छिद्र वालुकाश्माचा आहे. पावसाचं पाणी त्यात मुरतं आणि खडकाच्या भेगांमधून खाली सरकत राहतं. त्या खडकावर मात्र हिमयुगातल्या हिमनद्यांनी सोडलेल्या चिकट मातीचा थर पांघरलेला आहे. खडकातलं पाणी बाहेर यायला बघतं आणि चिकण माती त्याला अडवते. जिथे ती पातळ आहे किंवा फाटलेली आहे तिथे झरा फुटतो. आपल्याकडे सह्याद्रीत काळ्या खडकाच्या दोन थरांमध्ये लाल मातीचा पट्टा असतो. पाणी त्यातून खाली जाऊ शकत नाही, म्हणून त्याच्यावरून वाहत कड्याच्या पोटातून बाहेर पडतं. गडावरची कितीतरी टाकी आणि झरे या पट्ट्याच्या आधाराने आहेत. वेल्समध्ये थरांची रचना वेगळी, पण गोष्ट तीच: पाणी वाट शोधतं, आणि ती वाट अडवली की दाब साठवतं.

सातवा ढीग अशाच झऱ्यांच्या आणि ओहोळाच्या वर टाकला गेला. जागा निवडताना कुणी खणून पाहिलं नाही, मातीची तपासणी केली नाही. यंत्राला सोयीची आणि आधीच्या ढिगांच्या शेजारची जागा बघितली आणि काम सुरू केलं. ब्रिटनच्या सरकारी सर्वेक्षण नकाशांवर त्या उतारावरचं पाणी कित्येक दशकांपासून दाखवलेलं होतं. नकाशा काढून बघणं हे अर्ध्या तासाचं काम होतं.

आता मुख्य प्रश्नाकडे येऊ. दगडमातीचा ढीग पाण्यासारखा वाहतो कसा?

ज्यांनी बाजारात धान्य मापून घेतलेलं पाहिलं आहे त्यांना याचं अर्धं उत्तर ठाऊक आहे. पायलीत ज्वारी नुसती ओतली की माप शिगोशीग भरल्यासारखं दिसतं. तीच पायली जमिनीवर दोन-तीनदा आपटली की दाणे खाली बसतात आणि वर चार बोटं जागा होते. म्हणून घेणारा म्हणतो, 'आपटून भरा.' आधी दाणे एकमेकांवर कसेबसे टेकलेले होते, मध्ये भरपूर पोकळ्या होत्या. धक्का बसला की ते घट्ट बसतात आणि पोकळ्यांमधली हवा निघून जाते.

वरून ओतलेली खाणमाती अशीच सैल बसलेली असते. तिच्यावर कुणी रोलर फिरवलेला नसतो, थर देऊन दाबलेली नसते. आता अशी कल्पना करा की पायलीतल्या दाण्यांमधल्या पोकळ्यांत हवेऐवजी पाणी आहे. पायली आपटली, दाण्यांना खाली बसायचंय, पण त्यासाठी मधलं पाणी बाहेर पडायला हवं. माल खडीसारखा जाडाभरडा असेल तर पाणी झटकन निघून जातं आणि काही बिघडत नाही. माल बारीक असेल, रबडीच्या कणांसारखा, तर पाण्याला इतक्या अरुंद वाटांमधून तेवढ्या क्षणात बाहेर पडता येत नाही. ते अडकतं. आणि मग दाण्यांचं वजन दाण्यांवर न राहता त्या अडकलेल्या पाण्यावर येतं.

सगळा घात इथे होतो. मातीचा ढीग उतारावर उभा राहतो तो कणाला कण घासून. कण एकमेकांवर जितके दाबलेले, तितकी घासण जास्त आणि ढीग तितका भक्कम. वजन पाण्याने पेललं की कण एकमेकांवर दाबले जातच नाहीत आणि घासण जवळजवळ संपते. पाण्याला स्वतःची घासण नाही, उतारावर उभं राहणं त्याच्या स्वभावात नाही. एका क्षणापूर्वी घन असलेली हजारो टन माती जड द्रवासारखी वागायला लागते. समुद्रकिनाऱ्यावर ओल्या वाळूत उभं राहून टाच हलवत राहिलं की पायाखालची घट्ट वाळू लापशीसारखी होते आणि पाय आत जातो. तेच हे, फक्त डोंगराएवढं.

यासाठी भूकंप लागत नाही. ढिगाच्या पायथ्याशी खालून पाण्याचा दाब वाढत गेला की पायथा हळूहळू कमजोर होतो. मग ढिगाचा एखादा भाग नेहमीसारखा, घन अवस्थेतच घसरतो. त्या घसरण्याचा धक्का बाकीच्या भिजलेल्या, सैल मालाला पुरतो. आबरवॅनला असंच झालं: आधी घसरण, मग त्या घसरणीने केलेला द्रव, मग प्रवाह. आणि चौथी एक गोष्ट झाली. या प्रवाहाने जाता जाता उतारावरची चिकण माती खरवडून काढली. तिच्याखाली वालुकाश्मात कोंडलेलं पाणी मोकळं झालं आणि मागोमाग चिखलाचा लोंढा आला. वाटेत पाणीपुरवठ्याच्या मोठ्या नळवाहिन्याही फुटल्या.

त्या सकाळी दरीत दाट धुकं होतं, डोंगरावर मात्र ऊन. आधीचे तीन आठवडे पावसाचे गेले होते. शुक्रवार होता, सत्राच्या मध्यावरची सुट्टी लागण्याआधीचा शाळेचा शेवटचा दिवस. साडेसातच्या सुमारास ढिगावर पोचलेल्या कामगारांना दिसलं की ढिगाचा माथा तीनेक मीटर खचला आहे आणि रुळांचा काही भाग खाली गेला आहे. वर टेलिफोन चालू नव्हता, तार चोरीला गेली होती. म्हणून एक जण निरोप घेऊन पायी खाली गेला. वरची मंडळी कामाला लागायच्या आधी चहा प्यायली. तेवढ्या वेळात ढीग आणखी खचला आणि मग पोटातून फुगून बाहेर आला. गावात त्यातलं काहीच दिसत नव्हतं. नंतरच्या चौकशीने सांगितलं की टेलिफोन असता तरी वेळ पुरला नसता. मला हे वाक्य महत्त्वाचं वाटतं, कारण अशा प्रसंगी एका चोरलेल्या तारेवर सगळं ढकलून देणं फार सोपं असतं.

सुमारे १ लाख १० हजार घनमीटर माल खाली आला. त्यातला साधारण ३८ हजार घनमीटर रेल्वेचा जुना भराव ओलांडून गावात शिरला. दहा घनमीटरच्या डंपरने वाहायचा तर ३,८०० फेऱ्या लागतील. तो काही क्षणांत आला, सहा ते नऊ मीटर उंचीच्या लाटेसारखा. समोर पँटग्लास शाळा होती. 'पँटग्लास' म्हणजे हिरवी खोलगट जागा. हजेरी चालू होती. शाळेचा मोठा भाग आणि शेजारची अठरा घरं गेली. मेलेल्या मुलांपैकी बहुतेक सात ते दहा वर्षांची होती. शाळेतले पाच शिक्षकही गेले. जेवणाचे पैसे गोळा करणाऱ्या बाई मुलांवर आडव्या पडल्या. त्या गेल्या, त्यांच्याखालची पाच मुलं जगली.

खाणीतून कामगार वर आले ते आपल्याच मुलांना शोधायला. जमिनीखाली अडकलेल्या माणसाला कसं काढायचं हे त्यांच्याइतकं कुणाला येत नव्हतं. शिट्टी वाजली की शेकडो माणसं जागच्या जागी थांबायची, कुठून आवाज येतो का ऐकायला. अकरानंतर कुणीही जिवंत निघालं नाही. याचंही कारण वरच्या पायलीच्या गोष्टीत आहे. प्रवाह थांबला की अडकलेलं पाणी निघून जाऊ लागतं, कण पुन्हा एकमेकांवर बसतात आणि द्रव झालेली माती परत घट्ट होते. धावत येताना ती पाणी असते आणि थांबल्यावर भिंत.

त्या वेळी ब्रिटनमधल्या खाणी सरकारी होत्या, नॅशनल कोल बोर्ड नावाच्या महामंडळाच्या ताब्यात. त्याचे अध्यक्ष लॉर्ड रोबेन्स यांनी सांगितलं की ढिगाखाली अज्ञात नैसर्गिक झरे होते. गावकऱ्यांना हे ऐकून काय वाटलं असेल ते समजू शकतं. ज्या गावाचं नावच ओढ्यावरून पडलं त्या गावाला सांगायचं की तुमच्या डोंगरावर पाणी असल्याचं कुणाला माहीत नव्हतं.

माहीत काय काय होतं ते बघा. १९३९ मध्ये त्याच खोऱ्यात, थोडं दक्षिणेला, दुसऱ्या एका खाणीचा ढीग घसरून रस्ता आणि नदीपर्यंत पोचला होता. त्यानंतर तिथल्या खाण कंपनीतल्या अभियंत्याने ढीग का घसरतात यावर टिपण लिहिलं, आणि त्यात पाण्यापासून सावध राहा हे स्पष्ट होतं. आबरवॅनच्या वरचाच चौथा ढीग १९४४ मध्ये घसरला. सातवा ढीग स्वतः १९६३ मध्ये एकदा सरकला. त्याच वर्षी स्थानिक नगरपालिकेच्या अभियंत्याने खाण मंडळाला पत्रं लिहिली. त्यांचा विषयच होता: पँटग्लास शाळांच्या मागे टाकल्या जाणाऱ्या गाळाचा धोका. १९६४ मध्ये एका नगरसेविकेने सभेत बोलून दाखवलं की हा ढीग सरकला तर शाळेवर येईल. १९६५ मध्ये शाळेत घाण पाणी शिरतं म्हणून आयांनी सह्यांचा अर्ज दिला.

मग थांबवलं का नाही? मला या प्रकरणातला सगळ्यात शिकण्यासारखा भाग हाच वाटतो, आणि तो मातीच्या विज्ञानाइतकाच गुंतागुंतीचा आहे. खाणीच्या कारभारात ढीग म्हणजे माल वाहून नेण्याचा आणि ओतण्याचा मामला समजला जायचा. म्हणून तो यांत्रिकी अभियंत्यांकडे होता. रूळ, क्रेन, ओतणारी यंत्रं हे त्यांचं क्षेत्र. माती, उतार, पाणी हे स्थापत्य अभियंत्याचं क्षेत्र, पण ढीग त्याच्याकडे नव्हता. खाणकामगाराचा जीव जमिनीखाली जातो, या समजुतीवर सगळे सुरक्षा नियम बांधलेले होते. जमिनीवरच्या ढिगाच्या स्थैर्याबद्दल कायद्यात काही नव्हतं आणि महामंडळाचं धोरणही नव्हतं. कुणी पत्र लिहिलं की ते एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जायचं, आणि प्रत्येक टेबलावरच्या माणसाला वाटायचं की हे बघणारा कुणीतरी वेगळा आहे. गावाची चूल खाणीवर पेटत होती हेही खरं. ज्या खाणीवर पगार चालतो तिच्याविरुद्ध किती आवाज चढवायचा, हा प्रश्न प्रत्येक खाणगावाला पडतो.

लॉर्ड जस्टिस एडमंड डेव्हिस यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी नेमली गेली. ती ७६ दिवस चालली, १३६ साक्षी झाल्या. ऑगस्ट १९६७ मध्ये अहवाल आला. ही दुष्टपणाची नव्हे, तर अज्ञानाची, अकार्यक्षमतेची आणि निरोप न पोचण्याची कहाणी आहे, असं त्यात म्हटलं आहे. दोष कोल बोर्डाचा, हेही स्पष्ट लिहिलं आहे. बोर्डाने जबाबदारी वेळीच मान्य केली असती तर चौकशीचा बराच वेळ वाचला असता, असाही ताशेरा आहे. नऊ जणांवर नावानिशी ठपका आला. कुणावर खटला झाला नाही, कुणाची नोकरी गेली नाही. रोबेन्स यांनी राजीनामा देऊ केला, तो स्वीकारला गेला नाही. मृत्यूच्या कारणांची नोंद करताना एका वडिलांनी मागणी केली होती की माझ्या मुलाच्या नावापुढे 'कोल बोर्डाने जिवंत पुरलं' असं लिहा. अहवाल वाचला की त्यांचं वाक्य आठवतं.

पुढची गोष्ट पैशांची आहे. ती मी टाळली असती, पण ती टाळली तर गावाचं दुःख अर्धंच सांगितल्यासारखं होईल. जगभरातून लोकांनी मदत पाठवली, साडेसतरा लाख पौंड जमले. बोर्डाने प्रत्येक मुलामागे दिलेली भरपाई होती ५०० पौंड. गावाच्या डोक्यावर उरलेले ढीग तसेच होते आणि ते पूर्ण हटवणं फार महाग पडेल असं सांगितलं जात होतं. शेवटी गावकऱ्यांनी कार्डिफच्या सरकारी कचेरीत जाऊन तो काळा गाळ तिथल्या जमिनीवर ओतला. तेव्हा ढीग हटवायचं ठरलं, पण त्या खर्चातले दीड लाख पौंड १९६८ मध्ये मदतनिधीतून घेतले गेले. ज्यांची मुलं गेली त्यांच्यासाठी लोकांनी दिलेल्या पैशांतून, ज्यांनी ढीग रचला त्यांचं काम झालं. १९९७ मध्ये सरकारने दीड लाख परत केले, तेवढेच, तीस वर्षांच्या व्याजाशिवाय. २००७ मध्ये वेल्सच्या सरकारने वीस लाख पौंड दिले. खाण १९८९ मध्येच बंद झाली होती.

कायदा मात्र बदलला. १९६९ मध्ये ब्रिटनने खाणींच्या ढिगांसाठी स्वतंत्र कायदा केला. आता ढीग ही रचलेली वास्तू मानली जाते, म्हणजे धरणासारखीच. आधी जागा तपासायची, झरे असतील तर त्यांना चर खणून वाट काढून द्यायची, थर दाबत जायचे. आत बारीक नळ्या उतरवून कणांमधल्या पाण्याचा दाब किती हे मोजत राहायचं. पण हा कायदा प्रामुख्याने चालू खाणींचा विचार करून केलेला होता. वेल्समधल्या खाणी एकेक करून बंद पडल्या आणि ढीग मागे राहिले, अडीच हजारांच्या आसपास. फेब्रुवारी २०२० मध्ये डेनिस वादळाच्या पावसात टायलर्सटाउनचा जुना ढीग घसरून हजारो टन माती दरीत आली. सुदैवाने कुणी गेलं नाही. त्यानंतर वेल्सने सगळ्या बंद ढिगांची मोजदाद आणि धोक्यानुसार वर्गवारी केली. २०२५ मध्ये तिथल्या विधिमंडळाने त्यांच्या देखरेखीसाठी स्वतंत्र यंत्रणा उभारणारा कायदा मंजूर केला.

आपल्याकडच्या वाचकाला हे वाचताना माळीण आठवणार, ३० जुलै २०१४ ची सकाळ. फरक लक्षात ठेवायला हवा: माळीणला नैसर्गिक उतार खाली आला, आबरवॅनला माणसाने रचलेला ढीग. पाण्याचा दाब वाढून कणांमधली घासण कमी होणं मात्र दोन्हीकडे सारखं.

खाणमातीचे ढीग आपल्याकडेही आहेत. चंद्रपूर आणि वणीच्या कोळसापट्ट्यात उघड्या खाणींच्या कडेला 'ओबी'चे डोंगर उभे आहेत. ओबी म्हणजे कोळशावरची काढून टाकलेली माती. गोव्यात डिचोली, सत्तरी, सांगे भागात लोहखनिजाचे लाल डंप आहेत. पावसात त्यांची माती धुपून शेतात आणि ओहोळात उतरते, हे तिथला शेतकरी कितीतरी वर्षं सांगतो आहे. डिसेंबर २०१६ मध्ये झारखंडातल्या लालमटिया कोळसा खाणीत असाच ढीग घसरून २३ कामगार गेले.

अशा ढिगाजवळ राहणाऱ्याने बघण्यासारख्या खुणा आहेत आणि त्या डोळ्यांनी दिसतात. पायथ्याशी नवीन पाझर फुटला का. आधी स्वच्छ येणारं पाणी गढूळ झालं का. माथ्यावर ढिगाच्या कडेला समांतर भेग पडली का, माथा खचला का. पायथ्याची जमीन फुगून वर आली का. यातलं काहीही दिसलं तर तारीख घालून फोटो काढायचा आणि लेखी कळवायचं, खाणीला आणि तहसीलदारांनाही. आणि एक काम पावसाळ्याची वाट न बघता करता येतं. भारतीय सर्वेक्षण विभागाचे जुने नकाशे मिळतात, त्यांत ओढे रेघांनी दाखवलेले असतात, बारमाही निळ्या आणि कोरडे पडणारे काळ्या. आपल्या गावाचा नकाशा उघडायचा, आज जिथे ढीग आहे तिथे बोट ठेवायचं, आणि बोटाखाली ओढ्याची रेघ आहे का ते बघायचं. नकाशा मिळाला नाही तर गावातल्या एखाद्या म्हाताऱ्या आजींना विचारायचं, लग्न होऊन आलात तेव्हा पाणी कुठून भरत होता.